डझनभर क्लब, सात देश: नाखबारची कारकीर्द वाचायची कशी?

प्रश्न असा आला आहे: बोश्त्यान नाखबार या स्लोव्हेनियन बास्केटबॉलपटूच्या नावापुढे क्लबांची लांबलचक यादी दिसते. २००२ मध्ये एनबीएच्या, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगच्या, ड्राफ्टमध्ये (संघ पाळीपाळीनं नवे खेळाडू निवडतात तो कार्यक्रम) पहिल्याच फेरीत, १५ व्या क्रमांकावर निवडलेला हा खेळाडू कुठंच टिकलेला दिसत नाही, मग याला यशस्वी म्हणायचं कसं? आणि युरोपात खेळायचं डोक्यात घेतलेल्या अठरा वर्षांच्या भाच्यासमोर ही कारकीर्द उदाहरण म्हणून ठेवावी की नको?

ठेवा. मात्र क्लब मोजू नका. खेळाडूंचे करार आणि कारकिर्दी तपासणं हे माझं रोजचं काम आहे. त्यात सगळ्यात आधी बघायचं ते प्रत्येक बदलामागे निर्णय कोणाचा होता. बदल साधारण तीन तऱ्हांनी होतो. एक, क्लबनं खेळाडूला दुसरीकडे धाडलं, त्याला कोणी विचारलंसुद्धा नाही. दोन, करार संपला आणि बाजारात जी बोली आली त्यातली एक त्यानं निवडली. तीन, करार चालू असतानाच दोघांनी हिशेब मिटवला. यादीत तिन्ही बदल एकसारखेच दिसतात, एक ओळ संपते आणि दुसरी सुरू होते. पण पहिल्यातून खेळाडूबद्दल फारसं काहीच कळत नाही, दुसऱ्यातून त्याची किंमत कळते आणि तिसऱ्यातून बहुतेकदा क्लबची आर्थिक तब्येत कळते.

आता नाखबार. जन्म जुलै १९८० चा, स्लोव्हेन्य ग्रादेत्सचा, उंची २ मीटर ६ सेंटिमीटर. फॉरवर्ड, आणि लांबून नेम चांगला. मारिबोर, मग ल्युब्ल्यानाची ओलिम्पिया आणि २००० मध्ये इटलीत बेनेटन त्रेविझो. ही चढण सरळ आहे. स्लोव्हेनियाची लोकसंख्या वीस लाखांच्या आसपास. देशांतर्गत लीगमध्ये पैसा मर्यादित, त्यामुळे गुणी मुलगा विशीत बाहेर पडणार हे ठरलेलंच असतं. २००१-०२ मध्ये त्रेविझोला माइक डँटोनी प्रशिक्षक होते. संघ युरोलीगच्या, म्हणजे युरोपीय क्लबांच्या सर्वोच्च स्पर्धेच्या, फायनल फोरपर्यंत (शेवटच्या चार संघांत) गेला आणि इटलीचा विजेता झाला. त्याच उन्हाळ्यात ह्यूस्टन रॉकेट्सनं त्याला निवडलं. त्याच ड्राफ्टमध्ये, पहिल्याच क्रमांकावर, रॉकेट्सनं याओ मिंगला घेतलं होतं हे इथं महत्त्वाचं आहे, कारण संघाची सगळी आखणी आणि सगळं लक्ष एका माणसाभोवती फिरू लागलं. नाखबारला पहिल्या मोसमात जेमतेम १४ सामने मिळाले. पुढच्या वर्षी रुडी टॉम्यानोव्हिच जाऊन जेफ व्हॅन गंडी प्रशिक्षक झाले. व्हॅन गंडींचा भर बचावावर आणि अनुभवी खेळाडूंवर, त्यामुळे बेंचवरच्या तरुण नेमबाजाची वाट काही सोपी झाली नाही.

पुढची पायरी डिसेंबर २००४ ची. ह्यूस्टनला गार्ड, म्हणजे चेंडू खेळवणारा खेळाडू, हवा होता, म्हणून त्यांनी न्यू ऑर्लिन्सकडून डेव्हिड वेस्ली घेतला आणि जिम जॅक्सनसोबत नाखबारला तिकडे दिलं. एनबीएत अशा ट्रेडला, म्हणजे संघांमधल्या खेळाडूंच्या अदलाबदलीला, नकार देण्याचा हक्क अगदी मोजक्या खेळाडूंच्या करारात असतो. बाकीच्यांना बॅग भरून ठरलेल्या मुदतीत हजर व्हावं लागतं, सरकारी खात्यातल्या बदलीसारखं. फरक एवढाच की इथं रजा टाकून मंत्रालयात खेटे घालता येत नाहीत. जॅक्सननं न्यू ऑर्लिन्सला जायला नकार दिला, त्याला निलंबित केलं गेलं आणि शेवटी तो फिनिक्सला गेला. नाव झालेला, बारा-तेरा मोसम खेळलेला माणूस हे करू शकतो. चोविशीतला, अजून स्वतःला सिद्ध न केलेला खेळाडू असं करायला गेला तर त्याची कारकीर्दच संपते.

अशा ट्रेडमध्ये तरुण खेळाडू का ओढला जातो, तेही समजून घ्या. पगाराची कमाल मर्यादा ओलांडलेल्या संघांना देवाणघेवाणीत दोन्ही बाजूंचे पगार जवळपास जुळवावे लागतात. पहिल्या फेरीत निवडलेल्यांचा पगार ठरलेल्या तक्त्यानुसार असतो, म्हणजे तुलनेनं कमी. २००२ च्या नियमांनुसार तीन वर्षं पक्की आणि चौथं वर्ष संघाच्या मर्जीवर. असा छोटा, अंदाज बांधता येणारा करार हिशेब जुळवायला सोयीचा पडतो. समोरच्या संघालाही ‘पोरगा तरुण आहे, बघू काय निघतं’ म्हणून तो चालतो. म्हणून या ओळीवरून नाखबार ह्यूस्टनला नकोसा झाला होता, असा निष्कर्ष निघत नाही.

न्यू ऑर्लिन्सच्या त्या संघानं २००४-०५ मध्ये ८२ पैकी १८ सामने जिंकले. ऐकायला वाईट, पण खेळायला मिळण्याच्या दृष्टीनं बरं. हरणाऱ्या संघात तरुणांना मिनिटं मिळतात. ऑगस्ट २००५ मध्ये कॅटरिना चक्रीवादळ आलं आणि पुढच्या मोसमातले घरचे बहुतेक सामने संघानं ओक्लाहोमा सिटीत खेळले. म्हणजे यादीत क्लब एकच, शहरं मात्र दोन. फेब्रुवारी २००६ मध्ये पुन्हा ट्रेड झाला आणि तो न्यू जर्सी नेट्सकडे आला. आणि इथं त्याचं बस्तान बसलं.

ते का बसलं, हे मला आकड्यांपेक्षा जास्त बोलकं वाटतं. नेट्सकडे जेसन किड होता, सोबत व्हिन्स कार्टर आणि रिचर्ड जेफरसन. बचावपटू या तिघांकडे ओढले जात आणि किडचा पास कोपऱ्यात मोकळ्या उभ्या असलेल्या माणसाकडे वेळेत पोचत असे. नाखबार नेमका तोच माणूस होता. स्वतः चेंडू खेळवत वाट काढणं हे त्याचं बलस्थान नव्हतं, तयार होऊन उभं राहणं आणि पास येताच टाकणं हे होतं. २००६-०७ मध्ये त्याची थ्री-पॉइंटरची (लांबून टाकलेल्या, तीन गुणांच्या फेकीची) अचूकता सुमारे ४२ टक्के होती. पुढच्या मोसमात दर सामन्याला जवळपास दहा गुण. ह्यूस्टनमधला आणि न्यू जर्सीतला खेळाडू एकच, बदललं ते काम आणि सोबती. कोणाचीही कारकीर्द वाचताना ‘गुण किती’च्या आधी ‘त्या संघात चेंडू कोणाच्या हातात होता’ हे विचारायची सवय लावून घ्या.

आता २००८ चा उन्हाळा. यादीत दिसतं की २८ वर्षांचा नाखबार एनबीए सोडून डायनॅमो मॉस्कोकडे गेला. वरवर बघणाऱ्याला ही घसरण वाटते. खरं तर सगळ्या कारकिर्दीत हा बदल सर्वांत जास्त त्याच्या हातात होता. तो फ्री एजंट होता, म्हणजे करार संपून मोकळा. नेट्सनं जूनमध्ये जेफरसनला मिलवॉकीला देऊन यी जिआनलियान आणि बॉबी सिमन्स असे दोन फॉरवर्ड आणले होते, म्हणजे त्याच्याच जागेवर गर्दी झाली होती. आणि त्याच उन्हाळ्यात युरोपचे श्रीमंत क्लब एनबीएतल्या मधल्या फळीतल्या खेळाडूंना खेचत होते: जॉश चाइल्ड्रेस ऑलिंपियाकोसला, कार्लोस डेल्फिनो खिमकीला, हुआन कार्लोस नवारो परत बार्सिलोनाला.

इथं बहुतेक लोक पगाराची तुलना चुकीची करतात, म्हणून जरा थांबून सांगतो. एनबीएतला जाहीर आकडा ढोबळ असतो. त्यातून केंद्रीय आणि राज्याचा कर जातो, एजंटची फी (कमाल ४ टक्के) खेळाडूच्या खिशातून जाते, आणि पगाराचा काही भाग लीग राखून ठेवते, तो हिशेबानंतर पूर्ण परत मिळेलच असं नसतं. युरोपातल्या मोठ्या क्लबांचे करार मात्र बहुतेकदा निव्वळ रकमेचे असतात: कर क्लब भरतो, एजंटचं कमिशन सहसा क्लब देतो, वर घर, गाडी आणि मायदेशी जायची-यायची विमानतिकिटं. समजा एनबीएत ३० लाख डॉलरचा प्रस्ताव आहे. हातात साधारण निम्मे किंवा थोडे जास्त पडतील. मग युरोपातला २० लाख निव्वळचा प्रस्ताव कागदावर लहान दिसला तरी तोच मोठा. (हे आकडे समजण्यासाठी घेतलेत, नाखबारच्या करारातले नव्हेत.) भर म्हणजे जुलै २००८ मध्ये युरो १.६० डॉलरपर्यंत चढला होता, त्यामुळे युरोपच्या क्लबांना डॉलरमध्ये बोली लावणं कधी नव्हे इतकं स्वस्त पडत होतं.

डायनॅमोशी करार तीन वर्षांचा होता, नाखबार तिथं राहिला एक मोसम. का, ते समजायला त्या वर्षाचं अर्थकारण बघा. कच्चं तेल जुलै २००८ मध्ये पिंपाला १४७ डॉलरवर होतं, डिसेंबरात ४० च्या खाली आलं. युरोसुद्धा शरद ऋतूत १.२५ च्या आसपास घसरला. पूर्व युरोपातले बरेच क्लब तिकीटविक्रीवर किंवा टीव्हीच्या हक्कांवर चालत नाहीत. एखादी कंपनी, बँक, महापालिका किंवा धनवान मालक पैसा ओततो तोवर ते चालतात. त्या मालकाचा धंदा बसला की पहिला हात क्रीडासंघाच्या बजेटला लागतो. म्हणून युरोपातला करार तपासताना मी आकड्याआधी क्लबचा पैसा कुठून येतो ते बघतो. तीन वर्षांच्या करारातली दुसरी-तिसरी वर्षं तेवढीच पक्की, जेवढा तो स्रोत पक्का.

नंतरची वर्षं भराभर सांगता येतील. २००९ ते ११ इस्तंबूलचा एफेस पिल्सेन, २०११-१२ कझानचा उनिक्स, मग जर्मनीत बांबेर्ग. बांबेर्गकडे लोक दुर्लक्ष करतात, पण माझ्या मते ही त्याची सर्वांत हुशार चाल होती. इस्तंबूल आणि कझानच्या तुलनेत बजेट लहान, पण संघ युरोलीगमध्ये खेळणारा आणि चेंडू त्याच्या हातात जास्त येणार. २०१३ मध्ये बांबेर्ग जर्मनीचा विजेता झाला आणि त्याच उन्हाळ्यात ३३ व्या वर्षी त्याला बार्सिलोनानं घेतलं. तिशी ओलांडलेल्या खेळाडूला दोन मार्ग असतात: मोठ्या क्लबात बेंचवर बसून किंमत कमी होऊ द्यायची, किंवा वर्षभर मधल्या क्लबात भरपूर खेळून बाजाराला आठवण करून द्यायची. दुसऱ्या मार्गात जोखीम जास्त, कारण दुखापत झाली की हातात काही उरत नाही. त्यानं ती घेतली आणि ती फळली. बार्सिलोनासोबत २०१४ मध्ये स्पेनचं विजेतेपद मिळालं, शेवटी सेव्हिलमध्ये काही काळ खेळून तो निवृत्त झाला. मधल्या काळात राष्ट्रीय संघ होताच: २०१० च्या विश्वचषकात स्लोव्हेनिया आठवा, २०१३ मध्ये घरच्या मैदानावरच्या युरोबास्केटमध्ये पाचवा.

आतापर्यंतचा हिशेब असा: एनबीएतले दोन बदल ट्रेडचे, त्याच्या मर्जीबाहेरचे. मॉस्कोला जाणं ही त्याची निवड, मॉस्को लवकर सुटणं हा काळाचा फटका. पुढचे जवळपास सगळे करार संपल्यावरचे बदल, आणि त्यात शेवटचं सेव्हिल सोडलं तर त्याला दर वेळी युरोलीगच्या पातळीवरचा क्लब मिळत राहिला. तेराएक वर्षं मोठ्या लीगमध्ये कोणी ना कोणी त्याला पैसे द्यायला तयार होतं. या धंद्यात टिकणं याचा अर्थ हाच.

तुलनेसाठी त्याच देशाचा बेनो उद्रिह बघा. सेल्येचा गार्ड, २००४ मध्ये सॅन अँटोनियो स्पर्सनं २८ व्या क्रमांकावर घेतला, २००५ आणि २००७ अशी दोन विजेतेपदं. त्याची यादीही तितकीच लांब आहे, पण कारणं वेगळी. २००८ मध्ये सॅक्रामेंटोनं त्याला पाच वर्षांचा चांगला करार दिला आणि पुढचे बदल त्या करारामुळे झाले. २०११ मध्ये तीन संघांच्या व्यवहारात तो मिलवॉकीला गेला. फेब्रुवारी २०१३ मध्ये जे. जे. रेडिकच्या बदल्यात टोबायस हॅरिस आणि डोरॉन लॅम्बसोबत ऑर्लँडोला. इथं ऑर्लँडोला खरा हवा होता तो हॅरिस. उद्रिहचा करार त्या उन्हाळ्यात संपणार होता, म्हणून पगार जुळवायला तो बरोबर बसला.

त्याचं २०१६ चं प्रकरण तर शिकवायलाच वापरावं असं आहे. तेव्हा तो मायामी हीटकडे होता, आणि हीट चैनकराच्या रेषेच्या (पगारखर्च जिच्या वर गेला की संघाला जादा कर भरावा लागतो) किंचित वर होते. उद्रिहचा मोसम पायाच्या शस्त्रक्रियेमुळे आधीच संपला होता. २९ फेब्रुवारीला त्यानं सुमारे ९० हजार डॉलर सोडून करार मिटवला, क्लब रेषेखाली आला आणि मोठी रक्कम वाचली. दोनच दिवसांत पोर्टलंडनं त्याला वेव्हर्समधून, म्हणजे क्लबांनी सोडलेल्या खेळाडूंच्या यादीतून, उचललं. तिथं तो एकही सामना खेळला नाही. नुसती यादी बघणाऱ्याला हा पोर्टलंडचा उल्लेख कोडं वाटतो. तो पूर्णपणे हिशेबवह्यांचा मामला होता. नंतर डेट्रॉईट, आणि २०१७-१८ मध्ये लिथुआनियाचा झालगिरिस. त्या वर्षी झालगिरिसनं बेलग्रेडच्या फायनल फोरमध्ये तिसरा क्रमांक मिळवला. पस्तिशीतल्या राखीव गार्डसाठी हा शेवट कोणालाही आवडेल.

आणखी एक गोष्ट यादीत दिसत नाही: पासपोर्ट. डिसेंबर १९९५ च्या युरोपीय न्यायालयाच्या बोस्मन निकालानंतर युरोपीय संघाच्या नागरिकांवर लीगना संख्येची मर्यादा घालता येईना. पण स्लोव्हेनिया १ मे २००४ ला युरोपीय संघात आला. म्हणजे २००० मध्ये त्रेविझोला गेलेला नाखबार युरोपीय संघाबाहेरचा परदेशी होता, आणि २०१३ मध्ये बार्सिलोनाला गेलेला नाखबार युरोपीय नागरिक. तोच खेळाडू, क्लबच्या दृष्टीनं मात्र दुसऱ्या वेळी त्याला घेणं सोपं. याउलट रशिया आणि तुर्कस्तान हे युरोपीय संघाबाहेरचे देश, तिथं परदेशी खेळाडूंचे नियम त्यांचे स्वतःचे. जर्मनीत बाराच्या चमूत सहा जर्मन हवेत, त्यामुळे उरलेल्या सहा जागांसाठी स्लोव्हेनियन आणि अमेरिकन एकमेकांच्या स्पर्धेत येतात.

हाच मुद्दा भाच्याला सर्वांत जास्त लागू आहे. भारतीय पासपोर्टवाला खेळाडू बहुतेक युरोपीय लीगमध्ये युरोपीय संघाबाहेरच्या परदेशी जागेत मोजला जाईल. तीच जागा क्लब अमेरिकेच्या कॉलेजांतून आलेल्या खेळाडूसाठी राखून ठेवतो. म्हणजे त्याला नुसतं ‘चांगला’ असून भागत नाही, त्या जागेवरच्या अमेरिकनपेक्षा उपयोगी असावं लागतं. खालच्या विभागांत काही देशांमध्ये नियम सैल असतात, पण तिथं पगार जेमतेम खर्च भागेल इतका. किती सैल, हे देशावर आणि त्या मोसमाच्या नियमावलीवर अवलंबून आहे. दर उन्हाळ्यात ती नव्यानं तपासावी लागते.

वयाचंही बघा. अठरा पूर्ण होण्याआधी एका देशातून दुसऱ्या देशाच्या क्लबात जाण्यावर फिबाची (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाची) सर्वसाधारण बंदी आहे. आईवडील खेळाव्यतिरिक्त कारणानं स्थलांतर करत असले तर गोष्ट वेगळी, असे काही अपवाद आहेत. भाचा अठराचा आहे म्हणता, तेव्हा तेवढी अडचण टळली.

पहिला करार समोर आला तर मी या क्रमानं वाचतो. रक्कम निव्वळ आहे की ढोबळ, आणि कोणत्या चलनात. किती हप्ते: दहा मासिक हप्ते नेहमीचे, पहिला हप्ता वैद्यकीय तपासणीनंतर. ती तपासणी पोचल्यावर किती दिवसांत व्हायची हे लिहिलेलं हवं, नाहीतर क्लब दोन आठवडे सराव घेऊन ‘तपासणीत नापास’ म्हणून परत पाठवू शकतो. मग दुखापत झाली तरी पगार चालू राहील का. दुसरं वर्ष असेल तर ते कोणाच्या मर्जीवर आणि कोणत्या तारखेपर्यंत कळवायचं. त्यानंतर थकबाकीचं कलम: हप्ता इतके दिवस थकला तर खेळाडू सराव थांबवू शकतो, त्याहून पुढे गेला तर करार मोडून उरलेली पूर्ण रक्कम मागू शकतो. दिवसांचे आकडे नसतील तर ते कलम शोभेचं आहे.

आणि शेवटच्या पानावर वादनिवारण. फिबानं २००७ मध्ये स्थापन केलेल्या, आता बास्केटबॉल आर्बिट्रल ट्रिब्युनल म्हणून ओळखल्या जाणाऱ्या लवादाकडे जायचं असेल तर तसं कलम करारातच लिहावं लागतं, नंतर मागून मिळत नाही. लवादाचं स्थान जिनिव्हा, कामकाज इंग्रजीत, निर्णय एकच व्यक्ती देते. निकाल मिळूनही क्लबनं पैसे दिले नाहीत तर फिबा त्या क्लबला नवे परदेशी खेळाडू नोंदवायला बंदी घालू शकते, आणि क्लबला खरा धाक याचाच असतो. मात्र दाखल करायची फी परत मिळत नाही आणि वकिलाचा खर्च वेगळा, त्यामुळे फार लहान रकमेच्या दाव्याला हा मार्ग परवडत नाही. अशा वेळी हप्ते पुढे ओढून घेणं, म्हणजे पहिल्या दोन महिन्यांत जास्त रक्कम मागणं, हे जास्त कामाचं.

नाखबार निवृत्तीनंतर कुठं गेला, हे या संदर्भात बघण्यासारखं आहे. २०१८ मध्ये युरोलीगच्या खेळाडूंची संघटना उभी राहिली आणि तिचा कारभार त्याच्याकडे आला. २०२० मध्ये साथीमुळे मोसम अर्धवट थांबला, तेव्हा पगारकपातीबाबत लीगशी सामूहिक वाटाघाटी याच संघटनेनं केल्या. सात देशांतले करार हाताळलेल्या माणसाला कोणत्या कलमात काय दडलेलं असतं, हे वेगळं शिकवावं लागत नाही.

एजंटबद्दल एकच सांगतो. आंतरराष्ट्रीय करार करणारा एजंट फिबाचा परवानाधारक असावा, आणि परवानाधारकांची नावं फिबाच्या संकेतस्थळावर तपासता येतात. ‘ट्रायलसाठी आधी पैसे भरा’ म्हणणाऱ्याशी पुढे बोलूच नका. आणि करार झाल्यावर भारतातल्या महासंघाकडून लेटर ऑफ क्लिअरन्स मिळाल्याखेरीज परदेशी क्लबला त्याची नोंदणी करता येणार नाही. भारतात कुठल्या क्लबाशी किंवा संस्थेशी चालू करार असेल तर हे पत्र तिथंच अडतं, म्हणून विमानाचं तिकीट काढण्याआधी त्या संस्थेकडून मोकळं केल्याचं लेखी घेऊन ठेवा.